दातेरी ऐकणारा माणूस

बर्फ वितळून डोंगर उघडा पडला की त्या रेल्वेवर एक काम निघायचं, आणि ते एका माणसाच्या कानांवर चालायचं.

चढ इतका उभा होता की साध्या रुळांवरून इंजिन घसरत थेट पायथ्याला आलं असतं. म्हणून दोन रुळांच्या मधोमध तिसरी एक पट्टी टाकलेली होती, करवतीसारखे दात असलेली. तिला सगळे दातेरी म्हणत. इंजिनाच्या पोटाखालचं दातेरी चाक त्या दातांत आपले दात रोवून वर चढे आणि उतरताना त्यांनाच धरून खाली येई. हिवाळाभर गाडी बंद असे. थंडीने लोखंड आखडे, एखाद्या पट्टीला आतून तडा जाई, आणि वरून बघणाऱ्याला त्याचा मागमूसही लागत नसे. तेव्हा गाडी सुरू करण्याआधी पायथ्यापासून शिखरापर्यंत एकेक पट्टी वाजवून घ्यायची. मुकादम हातोडा मारणार, इंजिनियर शेजारी उभा राहून ऐकणार. पट्टी धड असली की घंटेसारखी खणकन वाजते आणि तिचा नाद हवेत रेंगाळतो. तडा असला की फुटक्या मडक्यासारखी भद्द. तपासणीचं यंत्र होतं, नाही असं नाही. पण ते सपाट रुळांसाठी बनवलेलं. दातांपाशी आलं की त्याची मती गुंग व्हायची.

हे ऐकण्याचं काम ज्या इंजिनियरकडे होतं तो मूळचा तिथला नव्हता. समुद्र ओलांडून, तरुणपणी आलेला. लाइनवरची माणसं त्याच्या पाठीमागे त्याला नुसतं ‘कान’ म्हणत. ‘कान आला का?’ ‘आज कानाचं डोकं ठिकाणावर नाही.’ त्याला ते ठाऊक होतं आणि मनातून आवडायचंही. परक्या मुलखात माणसाला नाव कमवायला जन्म जातो; त्याला निदान एक अवयव तरी मिळाला होता.

आला तेव्हा करार दोन वर्षांचा होता. घरी बायको आणि रांगती मुलगी. “दोन वर्षं काय, चुटकीसरशी जातील,” असं सांगून तो निघाला. मग बोगद्याचं काम निघालं, बोगद्यानंतर दगडी पुलाचं, मग नवी इंजिनं आली. ‘एवढं झालं की निघतोच’ हे वाक्य त्याने इतक्या वेळा म्हटलं की पुढे पुढे बायको ते त्याच्याआधीच म्हणून टाकायची. वर्षाकाठी महिनाभर तो घरी जाई. पहिले चार दिवस मुलगी आईच्या पाठीमागून बघत राही, मग हळूहळू खांद्यावर बसू लागे, आणि तिची भीड पुरती चेपली की याची बॅग भरायची वेळ झालेली असे.

एकदाच दोघी त्याच्याकडे आल्या होत्या, उन्हाळ्यात. त्याने मोठ्या हौसेने त्यांना गाडी दाखवली. इंजिन नेहमी उताराच्या बाजूला, डब्याला खालून ढकलणारं. “आणि गंमत बघ,” तो बायकोला म्हणाला, “डबा इंजिनाला जोडलेला नाही. नुसता टेकलेला आहे. इंजिन बिघडून खाली गेलं तरी डबा त्याच्याबरोबर ओढला जाऊ नये. तो आपल्या ब्रेकवर जागच्या जागी थांबेल.”

“म्हणजे जोडलेला नाही. टेकलेला.”

“त्यातच तर सुरक्षितता आहे.”

“असेल हो. पण तुम्हाला नेमकी हीच रेल्वे कशी सापडली?”

तेव्हा तो पोट धरून हसला होता. नंतर कित्येक वर्षांनी, स्टेशनवरच्या आपल्या दोन खोल्यांत एकट्यासाठी बटाटे सोलताना, ते वाक्य कधीतरी अचानक त्याच्या शेजारी येऊन बसायचं. बायको गेली तेव्हा तो विमानाने पोहोचेपर्यंत सगळं उरकलं होतं. लोक अंगणातल्या खुर्च्या आवरत होते.

आणि मग कान गेले.

एकदम नाही गेले. आधी किटलीची शिट्टी गेली. पाणी आटून किटली करपली तेव्हा त्याला वाटलं, शिट्टीच बिघडली असेल. मग सकाळी खिडकीशी येणारी पाखरं मुकी झाली. शहरातल्या डॉक्टरने सांगितलं, बारीक, टिपेचे आवाज आधी जातात, बायकांचे, मुलांचे. गेलेले परत येत नाहीत. यंत्र लावलं तर बोलणं कळेल. पण यंत्र लावलेल्या माणसाला दातेरी ऐकण्याचा परवाना मिळत नाही, हे डॉक्टरला माहीत नव्हतं. त्याला माहीत होतं. “बघतो,” म्हणून तो उठला आणि पुन्हा त्या दारात गेला नाही.

कारण परवाना गेला की काम गेलं, आणि काम गेलं की स्टेशनवरच्या खोल्या गेल्या. मग उरलं ते घर, जिथे तो आयुष्यभर पाहुणा म्हणून उतरला होता. तिथे टॉवेल कुठे ठेवतात हेही त्याला विचारावं लागे. इथे निदान तो कान होता. तिथे जाऊन कोण होणार?

लाइनवर कुणाच्या लक्षात आलं नाही. तिथली माणसं राकट गळ्याची, इंजिनाशेजारी उभं राहून ओरडण्याची सवय असलेली. शिवाय त्यांच्या ओठांवरून बोलणं ओळखण्यात तो केव्हाच तरबेज झाला होता. फसला तो दातेरीपाशी. खणकन वाजणाऱ्या पट्टीचा तो वरचा, बारीक नादच त्याला ऐकू येईना. सगळ्या पट्ट्या त्याला भद्द वाटू लागल्या. धडकी भरली. चुकून तडा गेलेली पट्टी पास झाली आणि भरलेला डबा तिच्यावर आला तर? म्हणून शंका आली की तो खडूने फुली मारायचा. बदला.

“साहेब, ही तर खणखणीत वाजली,” मुकादम म्हणायचा.

“तुझ्या कानाला. माझ्या नाही.”

मुकादम धुसफुसायचा आणि पट्टी काढायचा. मोठ्या साहेबांना मात्र ही कडक शिस्त फार पसंत पडली. “आपल्याकडे अपघात का होत नाहीत,” ते भर सभेत म्हणाले, “तर हा माणूस शंकेला जागा ठेवत नाही.” टाळ्या पडल्या. तो मान खाली घालून बसून राहिला. लोकांना वाटलं, केवढा विनय!

असे दोन-तीन मोसम निघून गेले. यंदा भांडाराच्या माणसाने हात वर केले. नव्या पट्ट्या संपत आल्या होत्या. पुढच्या येणार त्या मोसम निम्मा सरल्यावर. म्हणजे यंदा फुल्या मारून भागणार नव्हतं. असलेल्या पट्ट्याच पास कराव्या लागणार होत्या, आणि पास कुठली करायची हे त्याला ऐकू येत नव्हतं.

मुलीचा फोन रविवारी यायचा. फोनवर ओठ दिसत नाहीत, आणि चेहरा दिसणारा व्हिडिओ कॉल त्या डोंगरात अडखळत यायचा. ओठ एकीकडे, आवाज दुसरीकडे. त्यावर त्याने एक युक्ती काढली होती. आपणच बोलायचं. बर्फ किती पडलं, बोगद्यात पाणी कसं झिरपतंय, गुडघा कसा धरतोय. मध्ये थोडं थांबायचं. पलीकडची कुजबुज संपली असं वाटलं की ‘वा, छान’ म्हणायचं. कधी ‘असं होय?’ आणि शेवटी ‘काळजी घे.’ इतके दिवस हे बिनबोभाट चाललं होतं. पण एका रविवारी मुलगी पुष्कळ वेळ बोलत राहिली. ती थांबली तेव्हा तो म्हणाला, “वा, छान! कधी?”

फोन बंद झाला. पुढच्या रविवारी आला नाही, त्याच्या पुढच्याही नाही. त्याने केला तर उचलला गेला नाही.

आणि मग एका दुपारी, रेल्वेच्या कारखान्यातून तो फलाटावर येत असताना हमालाने त्याचा खांदा धरून त्याला मागे वळवलं. मागे बॅग घेऊन मुलगी उभी होती.

“किती हाका मारल्या, बाबा!”

“अगं! तू? न कळवता?”

“कळवलं की तुम्ही ‘वा, छान’ म्हणता.”

दोघं वर खोलीत आली. चहा झाला, कप भरले, ती त्याच्यासमोर बसली. ती भूगोल शिकवायची. वर्गात मुलांकडे बघावं तसं तिने त्याच्याकडे बघितलं.

“आम्ही वेगळे होतोय, असं मी सांगितलं तुम्हाला. तुम्ही विचारलंत, छान, कधी. मला माहीत होतं, जावई काही तुमच्या गळ्यातला ताईत नव्हता. पण इतका नकोसा?”

तिचे ओठ त्याला स्वच्छ दिसत होते. त्याचा चेहरा उतरला. “गेला तो?”

“कधीच गेला.”

“मला आवडायचा गं तो. माझ्याशी बुद्धिबळात मुद्दाम हरायचा.”

ती काही वेळ त्याला न्याहाळत राहिली. फलाटावरच्या हाका तिच्या डोक्यात घोळत असाव्यात. तिने कप तोंडासमोर धरला आणि कपाआडून, नेहमीच्या आवाजात विचारलं, “चहात माशी पडलीय. तशीच पिऊ का?”

“पी ना. गार होईल.”

तिने कप खाली ठेवला. “कधीपासून, बाबा?”

त्याने आधी गुडघ्याचा विषय काढून पाहिला. मग हवेचा. ती जागची हलली नाही. शेवटी त्याने सगळं सांगितलं: किटली, डॉक्टर, परवाना, फुल्या, भांडारातल्या संपत आलेल्या पट्ट्या. सांगताना तो तिच्याकडे न बघता टेबलाच्या कडेकडे बघत होता, म्हणजे मध्येच ती काही बोलली असती तरी त्याला कळलं नसतं.

“उद्या दातेरी ऐकायला निघायचंय,” तो म्हणाला. “एक काम करशील? माझ्या समोर उभी राहा. आवाज रेंगाळला तर मान हलव. मेला तर हलवू नकोस. बस.”

“बाबा, मी पाचवीला नद्या शिकवते. मला लोखंडातलं काय कळतंय?”

“कळायचंय काय त्यात? घंटा आणि मडकं. एवढंच.”

“त्या गाडीत माणसं बसतात ना?”

“म्हणून तर तुला सांगतोय. मी एकट्याने ऐकलं तर ती माणसं रामभरोसे.” मग म्हणाला, “आणि नाही ऐकलं तर मी.”

ती उठली. “दाखवा कुठंय तुमचं मडकं.”

कारखान्यामागे फुली मारून काढलेल्या पट्ट्यांचा ढीग गंजत पडला होता. शेजारी शिकाऊ माणसांना दाखवण्यासाठी ठेवलेली एक खरी तडकलेली पट्टी होती. तिच्यावर त्याने हातोडा मारला. “ही मेलेली.” मुलीने मान डोलावली, फरक सांगायची गरजच नव्हती. “आता या ढिगातल्या ऐक. म्हणजे कान बसेल.”

त्याने एक वाजवली. तिने मान हलवली. दुसरी वाजवली. पुन्हा हलवली. ढिगाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत तो वाजवत गेला आणि ती मान हलवत गेली. हळूहळू तिची मान जड होत गेली.

“बाबा,” ती त्याच्यासमोर येऊन म्हणाली, “या तर सगळ्याच वाजतायत.”

तो ढिगावरच बसला. आपण थोडं जास्त काढतोय एवढं त्याला वाटायचं. सगळ्याच? त्याने एका पट्टीवर तळहात ठेवला, आजारी माणसाच्या कपाळावर ठेवावा तसा, आणि बराच वेळ उचलला नाही.

“म्हणजे तुझा कान चांगला आहे,” शेवटी तो म्हणाला. “उद्या लवकर निघू.”

सकाळी मुकादम आणि त्याची टोळी पायथ्याशी तयार होती. “माझी मुलगी,” त्याने तिथल्या भाषेत सांगितलं. “काम बघायचं म्हणते.”

“बघू द्या,” मुकादम म्हणाला. “माझ्या बायकोला दाखवलं होतं एकदा. म्हणाली, लोखंडाला मारायचे पगार देतात?”

मुलीला ती भाषा येत नव्हती. सगळे हसले तशी तीही हसली. मग हातोडा पडू लागला. तो पट्टीच्या या बाजूला, ती त्या बाजूला. पहिल्या काही पट्ट्यांना तो तिच्या मानेवरून नजर हलवत नव्हता. नंतर ते एका लयीत चाललं. ती कशी ऐकते हे त्याच्या ध्यानात आलं. हातोडा पडला की तिची नजर चढावरून वर जाई, जणू आवाज दिसतो आहे आणि तो दिसेनासा होईपर्यंत ती थांबते आहे. मग मान. तो म्हणायचा, “पास.” एकदोन ठिकाणी तिची मान स्थिर राहिली, तिथे त्याने फुली मारली, आणि मुकादमानेही हूं की चूं केलं नाही. बऱ्याच दिवसांनी त्या दोघांचं एकमत होत होतं.

“मुलगी आली आणि पट्ट्या सुधारल्या,” मुकादम म्हणाला. “साहेब, हिला इथेच ठेवून घ्या.”

त्याने हे मुलीला मराठीत सांगितलं. ती घामाघूम झाली होती. “आईला घ्यायला हवं होतं मग ठेवून,” ती म्हणाली आणि लगेच दुसरीकडे बघू लागली. तेही त्याला ओठांवरून दिसलंच.

दगडी पुलापलीकडे सगळ्यात उभा चढ लागतो. तिथे खिंडीतून वारा येतो. टोळीची माणसं वाकून चालत होती, मुलीने स्कार्फ कानांवरून घट्ट बांधला, मग आठवण होऊन सोडला. मुकादमाने हातोडा मारला. इंजिनियरने तिच्याकडे पाहिलं.

तिने मान हलवली.

पण तिची नजर वर गेली नव्हती. ती त्याच्या चेहऱ्यावरच होती, आणि मान लगेच हलली होती, जरा जास्तच.

“परत मार.”

मुकादमाने मारला. पुन्हा तसंच. डोळे त्याच्या डोळ्यांत, ओठांवर थकलेलं हसू, आणि मान: हो, हो. बाबांना जे हवंय ते.

रविवारचा फोन धरून बसलेला आपण कसे दिसत असू, हे त्याला आजवर कधी दिसलं नव्हतं. ते आता दिसलं. ऐकू न आलेल्याला छान म्हणणारं तोंड.

“तुला ऐकू आलं?” त्याने मराठीत विचारलं.

“हो.”

“काय ऐकू आलं?”

तिने खिंडीकडे पाहिलं. “वारा आहे, बाबा. पण वाजली असावी.”

“असावी.”

त्याने वाकून पट्टीवर हात ठेवला. लोखंड गार होतं. त्याच्या पलीकडे त्यातून काही कळेना. तो सरळ झाला आणि मुकादमाला म्हणाला, “मला ऐकू येत नाही.”

“वारा आहे, साहेब. थांबू थोडं.”

“वाऱ्याचं नाही. मलाच येत नाही. दोन-तीन मोसम झाले. सकाळपासून ही ऐकतेय, मी नाही.”

मुकादमाने हातोडा खाली टेकवला. मग तो दरीकडे तोंड करून बोलू लागला. बराच वेळ बोलला. टोळीची माणसं आपापल्या बुटांकडे बघत उभी राहिली. पाठमोऱ्या माणसाचे ओठ दिसत नसल्यामुळे बापाला त्यातलं काही कळलं नाही. मुलीला सगळं ऐकू आलं, पण तिला ती भाषा येत नव्हती. दोघांना मिळून त्यातला एक शब्दही कळला नाही. मग मुकादम वळला, आणि शेवटचं तेवढं तोंडावर म्हणाला.

“त्या सगळ्या पट्ट्या आम्ही पाठीवर वाहिल्या. इथवर. माझ्या माणसाचं बोट गेलं त्यात. धड पट्टी बदलताना बोट गेलं, साहेब.”

“माहीत आहे.”

“तेव्हा तुम्ही दवाखान्यात फळं घेऊन आला होता.”

मुकादमाने गुडघे टेकले, कान जवळ नेऊन ती पट्टी स्वतःच पुन्हा वाजवली, वारा पडायची वाट बघून आणखी एकदा वाजवली, आणि तिच्यावर फुली मारली. तिला खरोखर तडा होता की आता त्यालाही भीती वाटू लागली होती, हे विचारायचा अधिकार इंजिनियरला राहिला नव्हता.

सगळे खाली उतरले. मोठ्या साहेबांना त्याने सगळं सांगितलं. रागावण्यापेक्षा ते घाबरलेलेच जास्त दिसले. शेजारच्या लाइनवरून दुसरा इंजिनियर येईल. पायथ्यापासून सगळी दातेरी नव्याने ऐकली जाईल. गाडी उशिरा सुरू होईल. परवाना टेबलावर ठेवायचा. खोल्यांचं काय ते नंतर कळवू. बाहेर पडताना त्याने सवयीने विचारलं, “पुलापलीकडचा चढ वारा पडल्यावरच ऐका, असं त्याला सांगाल?” साहेबांनी काही उत्तर दिलं असेल. ते कागदावर वाकलेले होते.

संध्याकाळी दोघं खोलीत बसली होती. फलाटावर कुणी नव्हतं. मुलीने भात लावला, दोघांनी तो खाल्ला. तिची रजा दोन दिवसांत संपणार होती, हे तिने जेवताना सांगितलं आणि त्याने ते पाहिलं.

“माझ्याकडे चला,” ती म्हणाली. “आता घरात मी एकटीच आहे. जागा भरपूर.”

“तिथे मी काय करू?”

“काही नका करू. भांडा माझ्याशी. मला सध्या भांडायला कुणी नाही.”

तो हसला. तिने ताटं उचलली, धुतली, पुसली. तो खिडकीशी बसून चढणाऱ्या दातेरीकडे बघत राहिला. उतरत्या उन्हात तिचे दात थोडा वेळ चमकले, मग विझले. खोलीत काही हललं असं वाटून तो वळला.

“काही म्हणालीस का?”

“नाही, बाबा.”

ती हात पुसत आली, खुर्ची ओढून नीट त्याच्यासमोर बसली. एकेक शब्द सुटा करून तिने विचारलं, “तुम्ही येणार का माझ्याकडे?”

त्याने तिच्या ओठांकडून नजर वर नेली, डोळ्यांपर्यंत.

“कळलं,” तो म्हणाला. “पण मला सांगता येत नाही, बाळा. खरंच येत नाही.”